विहीर क्रमांक सदतीस

दर महिन्याच्या पहिल्या मंगळवारी
बुदैया रस्त्यामागच्या वठत चाललेल्या खजूरबागेत
मी लोखंडी झाकण उघडतो, फीत खाली सोडतो.
पाण्याला टेकली की ती शिटी देते,
बारीक, कुकर तापायला लागला की कुजबुजतो तशी.
मग खोली लिहायची, क्षारता लिहायची, सही.

माझं गाव काळ्या पाषाणावर.
तिथे विहीर म्हणजे सुरुंग, आणि कपारीतला एखादा पाझर;
यंदाचं पाणी यंदाच प्यायचं.
इथला खडक चुन्याचा, पोटात पोकळ.
त्यातलं पाणी पश्चिमेच्या पठारावरून आलं,
समुद्राच्या तळाखालून, पायी पायी,
कुणी पहिलं बी पेरायच्याही आधी निघालेलं.
ऑफिसात त्याला 'साठा' म्हणतात.
मी 'वडीलधारं' म्हणतो. रजिस्टरात नाही अर्थात.

हाजी मक्की बागेची राखण करतो, म्हणजे बुंध्यांची.
त्याचा आजोबा मोत्यांच्या होडीवर होता.
काखेत पखाल दाबून बुडी मारायचा,
तळाशी उसळणाऱ्या झऱ्याला तिचं तोंड लावून
गोडं पाणी घेऊन वर यायचा.
"समुद्र वर, पाणी खाली,
दोघं एकमेकांच्या वाटेला जात नसत."
दाब होता, हाजी, म्हणून.
आपण उपसलं, दाब गेला,
आता त्याच भोकातून समुद्र घरात येतो,
चपला न काढता.

माझा मीटर आकडा देतो. हाजीचा मीटर जीभ.
त्याच्या लेखी पाणी पाच प्रकारचं:
चहाचं, भाताचं, अंघोळीचं, खजुराचं.
पाचव्याला नाव नाही, तो नुसती मान हलवतो.
त्याच्या लहानपणी ही विहीर चहाची होती.
मी रुजू झालो तेव्हा अंघोळीची.
गेल्या खेपेला त्याने बोट बुडवून चाखलं,
बराच वेळ गप्प बसला,
मग जवळच्या झाडाकडे बघून म्हणाला, "ह्याला विचार."

वरून पत्र आलं: सदतीस वगळावी.
शहर आता समुद्रच गाळून पितं;
जिचं पाणी कुणी पीत नाही तिची नोंद कशाला?
मी झाकण लावलं, बोल्ट आवळले.
तीनच. चौथ्याचे आटे गेलेत.

आज मंगळवार. पाय इकडेच वळले.
हाजीने काही विचारलं नाही.
थर्मासमधून नळाच्या पाण्याचा चहा ओतला,
एक घोट घेऊन तोंड वाकडं केलं:
"ह्याला चवच नाही."

मी फीत सोडली.
शिटी यायला जरा उशीर लागला,
किंवा मीच हळू सोडली असेन.