ऐन

इथे ऐन म्हणजे झरा, महरा म्हणते,
आणि ऐन म्हणजे डोळासुद्धा.
गावाचं नावच ते. अल ऐन.
मी तिला सांगितलं नाही
की आमच्या देवरुखकडे ऐन म्हणजे झाड,
मगरीच्या पाठीसारख्या सालीचं,
ज्याच्याखाली उभे राहून बाबा पत्र्याचा डबा बडवायचे
आणि वरून केलडी
अर्धे खाल्लेले चिकू आमच्याच अंगावर टाकायची.

त्या घरातली मुलगी आता
बाहेर शेहेचाळीस, आत बावीस अंश अशा खोलीत
खजुरातल्या बिया काढत बसते
चौदा माकडांसाठी.
बाबांना एवढंच ठाऊक आहे : प्रयोगशाळा.

पहिल्याच पाळीला रोदेलियोने तीन नियम सांगितले.
डोळ्यांत बघायचं नाही, ती धमकी.
हसायचं नाही, दात दिसले की
एकतर भीती नाहीतर भांडण.
आणि नावं ठेवायची नाहीत.
मराठीत याचे दोन अर्थ होतात.
मी दोन्ही मोडले.

सातशे एकवीसला मी आक्का म्हणते.
कळपात तिचं स्थान शेवटून दुसरं.
मिळेल ते आधी गालाच्या पिशवीत कोंबायचं,
मग भिंतीकडे तोंड करून
एकेक घास बाहेर काढून खायचा,
जशी एखादी धाकटी सून.
मला बघून ती ओठ चटचट वाजवते.
भांडण नाही, ये, असा त्याचा अर्थ.
गजांतून हात घालून माझ्या हातमोज्यावर उवा शोधते,
सापडते ती शिवण. तीच निवडत राहते,
चिकाटीने, पाऊण तास.

लस उंटांच्या तापावरची.
महराचे मामा, खलफान,
उंटिणीचं दूध धारोष्ण प्यायचे, बापजाद्यांसारखं.
एकोणचाळीस दिवस नळीवर होते.
महरा हे एकदाच बोलली, चहाचा कप धुताना,
नळ तसाच वाहत ठेवून, वाळवंटातली बाई.
तेव्हापासून मला
कुणालाच धड नावं ठेवता येत नाहीत.

सुईसाठी पाय पुढे करायला
आक्काला मी शिकवलं.
दोन महिने लागले.
आधी नुसती दाराजवळ आली तरी खजूर,
मग पावलाला, मग गुडघ्याला,
मग आख्खी मांडी गजाला टेकवून
शांत बसायची ती, दुसरीकडे बघत,
दवाखान्यात बसल्यासारखी.
अहवालात लिहिलं गेलं : प्राण्यावर बळजबरी नाही.
खरं आहे ते.

शेवटच्या दिवशी खजूर द्यायचा नव्हता.
भूल द्यायची तर पोट रिकामं लागतं.
तरी तिने पाय पुढे केला.
मग हात.
उघडा, वर.

ऐन वेळी मी तिच्या डोळ्यांत बघितलं.
तिने नजर वळवली, वाद नको म्हणून.
रीत तिने पाळली.

लस चांगली निघाली म्हणतात. आठांपैकी सातांची
फुप्फुसं स्वच्छ होती.
आक्का उरलेल्या सहांत होती,
ज्यांना नुसतं मिठाचं पाणी दिलं होतं.
कुणाला काय, हे कागद उघडेपर्यंत
मलाही माहीत नव्हतं.

संध्याकाळी खजुरीच्या बागांतून चालत गेले.
फलजचं पाणी दगडी पाटातून
कुणाच्या तरी वाटणीच्या वेळेप्रमाणे वळत होतं.
पलीकडे गाडीत तीन उंट, तोंडाला जाळ्या,
पापण्या लांब, संथ.
त्यांच्याकडेही मी सरळ बघितलं नाही. सवय.

बाबांचा फोन आला.
यंदा चिकू भरपूर, म्हणाले,
रात्री दोनदा उठून डबा वाजवतो, दुसरं काय.
मग हसून : तुझं बरंय बाई,
तिकडे कुठली आलीत माकडं!

मला काही बोलता येईना.
मी ओठ चटचट वाजवले.
हॅलो, हॅलो, म्हणाले ते,
लाईनमध्ये काहीतरी खरखर येतेय गं.