ठिगळवाली

पेल्येशाचच्या उतारावर
चुन्याशिवाय रचलेल्या भिंतींत ती राहते.
तिथल्या भाषेत तिचं नाव त्सर्वेनकर्पित्सा.
उच्चारताना जिभेला चार ठेचा लागतात,
अर्थ मात्र अगदी घरगुती:
लाल ठिगळवाली.

राखाडी अंगावर तांबडी ठिगळं,
प्रत्येक ठिगळाला काळ्या दोऱ्याची टीप.
काहींच्या पाठीवर ठिगळंच नसतात,
लांब पट्टे असतात, काठासारखे.
एकाच घाणीतल्या पिल्लांत दोन्ही निघू शकतात
आणि त्याचं कुणाला काही वाटत नाही.
डोळ्यातली बाहुली गोल.
नाकावर शिंग मिरवणाऱ्या पोस्कोकची उभी, चिरेसारखी.
फरक एवढाच आणि एवढा मोठा,
पण डोळ्यात डोळा घालून बघायला
थांबतो कोण?

घाबरली की शेपटीचं टोक
वाळल्या पानांत थरथरवते,
विषारी असल्याचं सोंग आणते.
कोल्ह्यापुढे ते चालून जातं.
माणसापुढे तेच अंगाशी येतं.

लोव्रेच्या बापाने मारली होती एक,
द्राक्षवेलीच्या तारेवर टांगली होती,
दोन हातही भरली नाही.
सापही मेला, काठीही मोडली नाही.
त्या हिवाळ्यात उंदरांनी
माळ्यावरचे अंजीर खाल्ले, बदाम खाल्ले,
आईच्या लग्नातल्या चादरीचा काठ खाल्ला.
कुणी दोन्हींचा संबंध जोडला नाही.
लोव्रेने जोडला, पण पस्तीस वर्षांनी,
जहाजावरची नोकरी संपवून आल्यावर,
बापाची भिंत ढासळली तेव्हा.

जुलै होता. तिसऱ्या थरातला दगड उचलला
तर मागे तीन अंडी,
एकमेकांना चिकटलेली, खारकेएवढी, लांबट.
आई घालून निघून गेलेली.
या कुळात राखण नसते;
दगडाची ऊब हीच काय ती दाई.
त्याने दगड होता तसा,
होती तीच बाजू वर करून ठेवला
आणि दोन पावलं सोडून
पुढची भिंत रचायला घेतली.

कुझ्मा म्हणाला, तुझ्या भिंतीचा दात पडलाय.
पेरिना म्हणाली, त्यातून साप निघतील.
निघतीलच, लोव्रे म्हणाला.
घरात येतील.
उंदीर आले तर येतील.
मग ती रात्री दोनदा उठून
उशीखाली बघायची, आणि एकदा
त्याच्या उशीखालीही.

समोर म्ल्येत बेट दिसतं.
शंभरावर वर्षं झाली, सापांवर उतारा म्हणून
तिथे मुंगूस आणून सोडलं,
आपल्याकडचंच.
त्याने पोस्कोक संपवले,
मग कोंबड्यांकडे वळलं, मग पाखरांच्या अंड्यांकडे.
विषारी कोण, बिनविषारी कोण,
ही चौकशी मुंगूस करत नाही.
काठीही करत नाही.

सप्टेंबरात द्राक्षं उतरवताना
त्याने दगड पुन्हा काढला.
दोन अंडी चिरलेली, रिकामी,
फोडून वाचलेल्या पाकिटांसारखी.
तिसरं पिवळं पडून कडक झालेलं.
पिल्लं त्याला दिसली नाहीत.
पेन्सिलीएवढी असतात म्हणे,
आणि ठिगळं जन्मतःच सगळी,
एकही नंतर लावायचं राहिलेलं नसतं.
थंडीपर्यंत एखादी पाल मिळाली तर मिळाली,
नाहीतर उपाशीच दगडाखाली झोपायचं.

तिसरं अंडं त्याने तंबाखूच्या डबीत ठेवलं.
का, ते विचारलं तर
तंबाखूच काढून देतो.

भिंत मग पुरी केली.
शेवटचा दगड मुद्दाम जरा खोटा बसवला,
बोट जाईल एवढी फट राखून.
कुझ्माने नावं ठेवली.
पेरिना काही बोलली नाही.
सगळे जेवायला गेल्यावर
तिने इकडेतिकडे बघितलं
आणि खरंच बोट घातलं आत.
गार होतं.