चारशे बारा

दिवसा मी वेंगुर्ल्यात घरपट्टीच्या नोटिसा चिकटवतो.
कुलूप. कुलूप. पुढच्या गल्लीत पुन्हा कुलूप.
गेल्या वर्षीच्या नोटिशीवर यंदाची बसते,
दारांना हळूहळू कागदाची साल येते.
सहाशे एक्केचाळीस बंद घरं, माझ्या एकट्याच्या वहीत.
गणपतीला उघडतात, सात दिवस,
मग टाकी रिकामी करून, मेन स्विच पाडून
माणसं निघून जातात.

आणि आज वरून आदेश आला:
बेघरांची मोजणी. रात्री दहा ते पहाटे चार.
एक बॅटरी, एक मोबाईल, सोबतीला शिपाई घनःश्याम.
त्याला कुत्र्यांची भीती.
मला, खरं सांगायचं तर, जाग्या होणाऱ्या माणसांची.

स्टँडवर चार. मच्छी मार्केटच्या ओट्यावर नऊ,
ओटा धुतलेला, तरी उशाला बांगड्याचा वास.
जेटीवर जाळ्यांच्या ढिगात अकरा खलाशी.
घर आहे का, विचारलं.
"आहे की," एकजण झोपेतच बोलला,
"दोन दिवस, दोन रात्री लांब."
रकान्यात लांबीला जागा नव्हती.

वर ओढलेल्या होडीच्या पोटाखाली दुर्गव्वा,
दोन पोरं, आणि पाटीखाली झाकलेली कोंबडी.
चिरेखाणीवर असते. दिवसाला दोनशे चिरे उचलते,
म्हणजे साधारण एक भिंत.
"कोंबडी धरायची काय, साहेब?" घनःश्यामने विचारलं.
मी हसलो. मग धाकटा पोरगा खोकला,
आणि मी बॅटरी खाली केली.

मांडवीच्या पुलाखाली नऊ. मोजताना दोनदा चुकलो,
पांघरुणं कमी, पाय जास्त.
आंब्याच्या बागेत मचाणावर टेकबहादूर,
तो म्हणाला, लिहू नका, मालक रागावेल.
लिहिलं.

तीन वाजता, दवाने ओल्या गल्लीत,
चारशे बारा नंबरच्या बाहेरच्या पायरीवर
सत्यभामा आडेलकर, वय सत्तरच्या आसपास.
कमरेला किल्ल्यांचा जुडगा. मी ओळखतो तिला.
सात बंद घरांत तिन्हीसांजेला दिवा लावते,
तुळशीला पाणी घालते,
महिन्याला घरामागे दोनशे.
किल्ल्या सात. पाठ टेकायला पायरी.

"आत कित्याक निजणस नाय गे?"
"दिवो लावूक सांगल्यानी," म्हणाली,
"निजाक सांगूक नाय."
आणि पदर कानावर ओढून घेतला,
एवढं साधं मला कसं कळत नाही, तशी.

मोबाईलवर तिचं नाव घातलं. वय घातलं.
यंत्राने आपणहून जागा शोधली,
हिरवं वर्तुळ फिरलं, थांबलं.
घर क्रमांक ४१२. पत्ता आढळला.
ही व्यक्ती बेघर म्हणून नोंदवता येणार नाही.
दहा पावलं मागे जाऊन पाहिलं. तेच.
रस्त्यापलीकडे गेलो, तर चारशे तेरा आढळला.
घनःश्याम म्हणाला, तिला उठवून पुलाखाली नेऊया का,
पाच मिनिटांपुरती?
तो थट्टा करत नव्हता.

सकाळी वरती सदतीस गेले.
साहेब म्हणाले, बरं झालं,
पन्नासच्या आत असलं की निवारा बांधावा लागत नाही.
खरं-खोटं त्यांना ठाऊक. मी खळ कालवायला घेतली.

चारशे बाराचं दार उघडं होतं.
आत ती केर काढत होती, अनवाणी, भिंतीकडेने,
पाहुण्याच्या घरी चालतात तशी.
देवापुढे वात जळत होती
आणि सोफ्यावर पांढरी चादर निजली होती.
"लिवलंस मा रातचा?"
लिहिलं, म्हटलं.
नोटीस तिने हातात घेतली, उलटी धरून बघितली,
"दारार नको लावू. रंग जाता.
मीच ठेवतंय देवाकडे, इले की बघतले."

खोटं बोललो नाही मी.
अडतिसावी माझ्याकडेच आहे,
घरपट्टीच्या वहीत, चारशे बाराच्या पानामागे,
पेन्सिलीने.
मालकाच्या थकबाकीची शाई
पलीकडून थोडी उमटलीय तिच्या नावात.