अक्षय निवी

तीन दिवस, दोन किल्ले, दोन लेणी,
चहा-नाश्ता धरून साडेचार हजार.
पावती मी दोनदा तपासली. सवय.

पहाटे सहाला गोल्फ क्लबच्या कोपऱ्यावर
सतरा आसनी गाडी,
आणि भोये नावाचा पोरगा, गळ्यात शिट्टी:
"काका, गुडघ्यांचं काही?"
नाही म्हणालो.
गुडघ्यांचं नव्हतंच. चौथ्या सीटवर
थेटेबाई बसल्या होत्या.

इंदुमती थेटे. खाते क्रमांक दोनशे सोळा.
एक लाख चाळीस हजार, दामदुप्पट.
पावतीवर सही माझी,
शिक्का सरळ उमटावा म्हणून
मी जिभेचं टोक दातांत धरलं होतं.

पतपेढी बुडाली त्याला अकरा वर्षं झाली.
संचालक कुठे कुठे गेले.
मी इथेच राहिलो,
भाजीला लांबच्या बाजारात जायला शिकलो.

अनकाईवर त्या पुढे, मी मागे.
टंकाईच्या पायथ्याला, जैन लेण्यांत,
भोये छतातलं कमळ दाखवत होता,
सगळ्यांच्या माना वर.
मी खाली बघत होतो:
त्यांचा कापडी बूट, उजव्या अंगठ्याशी ठिगळ.

मुक्काम त्र्यंबकला. पिठलं, भाकरी, ठेचा.
भोये वेढ्यांच्या गोष्टी सांगत होता.
"किल्ला बाहेरून क्वचित पडतो हो,
आतून कुणीतरी दिंडी उघडतं."
थेटेबाईंनी ताक मागितलं.
माझ्याकडे दिंडीची किल्ली नव्हती,
माझ्याकडे फक्त खिडकी होती,
तीही जाळीची,
हे मी रात्रभर छताच्या पंख्याला सांगितलं.

हरिहर.
डोंगराला कुणी दगडाची शिडी टेकवून
विसरून गेलंय.
दोन्ही हातांना खोबण्या,
किती बोटांनी गुळगुळीत केलेल्या.
अर्ध्यात माझे पाय थांबले.
खाली निरगुडपाडा, काडेपेटीएवढी आमची गाडी,
आणि वरून, मागे वळूनही न बघता:
"कॅशियर, खोबणीत बोटं घाला. खाली बघू नका."

अकरा वर्षांत कुणी मला हुद्द्यानं हाक मारली नव्हती.
बोटं घातली.
मग त्यांची टाच, माझी बोटं,
त्यांची टाच, माझी बोटं,
माथ्यापर्यंत.

तिसऱ्या दिवशी पांडवलेणी.
इतकी वर्षं हायवेवरून बघितलेला डोंगर,
आज त्यावरून हायवे बघितला.
भोयेनं व्हरांड्यातल्या भिंतीवर बॅटरी धरली.
"पांडवांचं नाही हे, भिक्खूंचं.
आणि ही अक्षरं म्हणजे ठेवपावती आहे.
गोवर्धनच्या विणकरांकडे दोन हजार कार्षापण,
दरमहा शेकडा एक.
मुद्दल परत मागायचं नाही, व्याज तेवढं खायचं.
त्यातून वीस भिक्खूंना, वर्षाला प्रत्येकी बारा,
चीवरासाठी.
अक्षय निवी."

"बारा टक्के! आजच्यापेक्षा बरं," मागून कुणीतरी हसलं.

महिन्याचे वीस.
वर्षाचे दोनशे चाळीस.
वीस गुणिले बारा, दोनशे चाळीस.
जुळलं.
मी दगडाला हात लावला,
लावू नका अशी पाटी असूनही.
दोन हजार वर्षांचा हिशेब
आणि एका कवडीचा फरक नाही.

"मग ते विणकर पुढे कुठे गेले?"
थेटेबाईंनी विचारलं.
"ते काही कोरलेलं नाही, मावशी."
भोयेनं बॅटरी विझवली.
अंधारात मी म्हणालो, दोनशे सोळा.
"काय?"
"तुमचा खाते क्रमांक."
"क्रमांक नाही आठवत मला," त्या म्हणाल्या.
"रक्कम आठवते."

पायथ्याला शहाळेवाल्याकडे सुटे नव्हते.
त्यांनी शंभराची नोट माझ्यापुढे धरली.
मी दहाच्या दहा नोटा
अंगठा ओला करून, मोजून दिल्या.

त्यांनी त्या पुन्हा मोजल्या.