निवळ

मत्रहच्या सूकमागं, जिथं लोबानाचा धूर
भिंतीला चिकटून काळा होतो,
तिथं आमची भट्टी. दुकानाला पाटी नाही.
बाकी मुलखात आम्ही विट्याकडचे गलाईवाले,
इथं नुसते चांदीवाले हिंदी.

साधी चांदी सोपी.
टाकणखार, भाता, मूस; हीण वर येतं,
गाळ बाजूला, लगड बाजूला, हिशेब मिटला.
मंतरलेला डाग मात्र विस्तवाला भीत नाही.
विस्तव दिसला की मुशीतून उठतो
आणि दाराकडं वाहत सुटतो, चढ असला तरी.

झुवैनाबाईनं आणली ती ताइताची डबी
सकाळी भरली तेरा तोळे.
असरच्या बांगेला एकोणीस.
रात्री उशाखाली पोहते, म्हणाली.
अंथरूण ओलं होतं. चाटून बघितलं, खारट.

बिरूअण्णानं हात लावला नाही, नुसती पाहिली.
'बिथरलीय. हिला निवळ द्यावी लागंल.'

निवळ द्यायची म्हणजे आधी भट्टी विझवायची,
राख पार गार होईतो थांबायचं.
कोऱ्या मुशीला आतून निवळीची बी घासायची,
गढूळ रांजणाला घासतात तशी.
बी गावाकडचीच लागते,
आणि पार्सलनं आलेली चालत नाही,
कुणीतरी खिशात घालून आणलेली पाहिजे.
डाग आत ठेवायचा, वर झाकण,
आणि झाकणावर चार बोटं सोडून तळवा धरायचा,
तव्याचा ताव बघतो तसा.
मग तो बोलेल ते ऐकत बसायचं.
हूं म्हणायचं नाही.
हूं म्हटलं की मळ तुमच्यात उतरतो.
अण्णाच्या डाव्या कानात बसऱ्याचा कुणी खलाशी
अजून खजुराच्या पाट्या मोजतो.
बाराशेवर चुकतो. पुन्हा एकपासून.

पहिली रात्र नुसता दोर ओढल्याचा आवाज.
दुसरी रात्रही दोरच.
मला झोप लागली, अण्णानं चिमट्यानं ढोसलं.
तिसऱ्या रात्री, फजरच्या जरा आधी, एका बाईचा आवाज:
'जंगबारला गेलेलं गलबत
ओढून आण.'

झुवैनाची आजी असणार. ती केव्हाच गेली.
गलबत तिच्याही आधी बुडालं.
मंत्राला कुणी कळवलंच नाही.
मालकीण नाही, रजा नाही, सुटीचा कागद नाही;
तो आपला खाली समुद्राच्या तळाशी
रिकामा दोर ओढतोय,
ओढ बसली की जड, सैल पडली की हलका.

इथं एकदाच बोलायची मुभा असते.
'काम झालं, जा,' एवढंच म्हणायचं.
मी विचारलं, अरबीत सांगू का?
अण्णा म्हणाला, त्याला भाषा कळत नाही,
सांगणाऱ्याला ते पटलंय का, तेवढंच कळतं.

बावीस वर्षांत अण्णा दोनदा गावी गेला,
दोन्ही वेळा उशिरा.
तोंड उघडायचा, मिटायचा.
बाहेर मासळीबाजाराच्या गाड्या लागल्या,
बर्फ फोडल्याचा आवाज यायला लागला,
तेव्हा कुठं म्हणाला. काय म्हणाला ते मला नीट ऐकू आलं नाही.

मुशीत निळसर साय धरली होती.
खजुराच्या काडीनं ती उचलली.
खाली चांदी. अकरा तोळे, सकाळी.
अकरा तोळे, असरला.

झुवैनाबाईनं ती कानाशी धरून हलवली,
पुन्हा हलवली.
पैसे मोजून दिले, घासाघीस न करता,
आणि चौथ्या दुकानात जाऊन विकून टाकली.

साय समुद्राला द्यायची, असा नेम आहे.
दिली. धक्क्यावर वाकून, अण्णासमोर.
फक्त जोंधळ्याएवढा एक कण
नखात अडकला होता तो मी ठेवला,
घड्याळाच्या खिशात.

शुक्रवारी घरचा फोन ठेवला की
काट्यावर टाकून बघतो.
ठेवला तेव्हा अर्धी गुंज होता.
काल दोन भरला.