विलंबाचा तारीखवार खुलासा

शिमल्याहून हायकोर्टाचा आदेश आलाय, दोन पानांचा.
तिसऱ्या परिच्छेदात न्यायमूर्ती विचारतात:
तक्रार क्रमांक दोनशे एकोणीस
चार वर्षं, आठ महिने, अकरा दिवस
कुठे होती?
प्रतिज्ञापत्रावर सांगा. तारीखवार.

अधीक्षकांनी कागद माझ्याकडे सरकवला.
चंब्याच्या या कचेरीत बारनिशी माझ्याकडे.
आलेल्या प्रत्येक कागदावर पहिला शिक्का माझा,
म्हणजे पहिला गुन्हाही.

तर लिहितो.

एकवीस मार्च. व्यासो देई, मुक्काम खरोठी,
बर्फ नुकतं सुटलेल्या वाटेने उतरून आली.
घोट्यापर्यंत चिखल, ओढणीच्या गाठीत अर्ज:
प्रधान ध्यानसिंग यांनी कूल्ह बांधली,
डोंगराच्या कडेने पाट, तीनशे दहा मीटर, सिमेंटचा,
आणि तो फक्त हजेरीपटावर वाहतो.
हजेरीपटावर तिच्या नवऱ्याचा अंगठा आहे,
बावीस दिवसांच्या मजुरीपुढे.
नवरा त्याआधीच्या हिवाळ्यात गेला.
मी शिक्का मारला. शाई ओली होती, फुंकर घातली.
(एवढ्या तत्परतेची नोंद व्हावी.)

एप्रिल ते जुलै: अभिप्रायार्थ सादर.
ऑगस्ट: ज्यांचा अभिप्राय हवा
ते दरड कोसळल्याने पांगीत अडकले.
सप्टेंबर: चौकशी गटविकास अधिकाऱ्यांकडे.
त्यांनी विचारलं कुणाला? प्रधानाला.
प्रधान म्हणाला, पाणी आहे.

नोव्हेंबर: काच फुटली,
माझ्या टेबलामागची, रावीकडची.
वारा असा घुसायचा की एक कागद जागेवर राहीना.
हाताशी जाडजूड काही नव्हतं,
हीच एक फाइल.
चौकटीत नेमकी बसली.
नव्या काचेचा मागणी-अर्ज मी केला होता.
तोही प्रलंबित आहे.

चार हिवाळे तिने माझी पाठ राखली.
हे कुठल्या परिच्छेदात घालू?

व्यासो दर वर्षी यायची, वाट उघडली की.
बाकावर बसायची, खिडकीला पाठ लावून.
"माझा कागद कुठवर आला, बाबूजी?"
"वर आहे," मी म्हणायचो.
खोटं नव्हतं ते.
तिच्या डोक्याच्या हातभर वर होता.

खरं सांगतो, मला वाटलं होतं
हरलेल्यांपैकी कुणीतरी हिला पुढे केलंय.
दहातल्या सात तक्रारी तशाच असतात;
निवडणुकीत पडलेला माणूस झोपत नाही, अर्ज लिहितो.
हिच्याही अर्जाचं अक्षर दुसऱ्याचंच होतं.
अंगठा मात्र तिचा,
शाईत मातीचा कण.

मध्येच ध्यानसिंगची मुदत संपली.
जागा बायकांसाठी राखीव झाली, सून निवडून आली.
पाटीवरचं नाव रंगवलं नव्याने,
खुर्चीवरची गादी तीच.
आता पदावरून काढायचं कुणाला,
असं सरकारी वकील कोर्टाला विचारणार आहेत,
तक्रारीत आता अर्थ उरला नाही म्हणणार आहेत.
मुदत खुर्चीला असते, मक्याला नसते,
असं त्यांना कुणी सांगितलं कोण जाणे.

न्यायमूर्तींनी कूल्हीबद्दल एक शब्द विचारला नाही.
नुसते दिवस मोजायला लावले.
आधी चिडलो मी. रात्री दिव्याखाली
बोटांवर महिने धरत बसलो तेव्हा लक्षात आलं,
हे दिवस आजवर एकाच माणसाने मोजले होते
आणि तिला आकडे येत नाहीत.

मसुद्यातला खिडकीचा परिच्छेद अधीक्षकांनी खोडला.
वर लाल शाईत एकच शब्द: अनवधानाने.
मी स्वच्छ प्रत काढली. सही झाली.

पण मूळ फाइल आहे तशी पाठवा, असाही आदेश होता.
ती चौकटीतून ओढून काढली.
एका अंगाने उन्हाने पिवळी,
दुसऱ्या अंगाने ओल पिऊन फुगलेली,
आणि पाठीवर चारी बाजूंनी लाकडाचा वळ,
बरोबर एका काचेच्या मापाचा.
तो खोडायला कुणाची लाल शाई पुरली नाही.

टपाल गेलं.
डिसेंबर आहे. खिडकीत आता काही नाही.
मफलर कानांवर ओढून बसलोय.