कॉर्नफ्लॉवरचा बर्फ

डँडेनाँगमध्ये बर्फ पडत नाही.
म्हणून चामड्याच्या पिशवीत दोन किलो कॉर्नफ्लॉवर भरून
स्टॅव्रोस ती माइकपाशी धरतो, दाबतो,
कर्र. कर्र.
मी पडदा काळाच ठेवतो.
त्या रात्रीचं चित्र कुणाकडेच नाही.

होमैरा कोपऱ्यातल्या खुर्चीवर, बूट काढून, पाय पोटाशी.
सहा वर्षं चाललंय हे.
पहिल्या खर्ड्यात एक उंट होता.
तो तिचा नव्हे, पैसे देणाऱ्या बाईंनी सुचवलेला,
आणि धूळ जरा वाढवता आली तर, असंही.
तिने उलट कळवलं : जाघोरीत आमच्या दारापुढे
जर्दाळूची अकरा झाडं होती,
एप्रिलात नुसतं बाहेर पडलं तरी केसांत फुलं.
बाईंचं उत्तर आलं, सुंदर आहे,
पण लोकांना पटेल का?

तिची आई बोलते ती चार मिनिटं
मी शंभरदा तरी ऐकली असतील.
गुलचमन नाव. हजारगी मला कळत नाही,
पण ती कुठे श्वास घेते, कुठे चहाचा पेला खाली ठेवते
ते पाठ आहे.
खालच्या पट्टीवर जागा दोन ओळींची,
ओळीत सदतीस अक्षरं.
होमैरा लिहायची, पुसायची.
शेवटी उरलं : मला गावाची आठवण येते.
"ती हे म्हणतच नाहीये रे.
ती सांगतेय, घराची किल्ली शेजारणीकडे दिली,
मग शेजारीणही पळाली क्वेट्ट्याला,
म्हणजे किल्ली एकटीच परागंदा."
आम्ही हसलो.
ओळ त्या दिवशी तशीच राहिली.

वडिलांना ती 'आता' म्हणते.
पहिल्यांदा ऐकलं तेव्हा दचकलोच.
सांगितलं तिला, माझ्या भाषेत आता म्हणजे
हा क्षण, हा, बोलतोय तो.
तिने थोडा वेळ बाहीने कीबोर्ड पुसला.
"आमच्याकडे आता म्हणजे
एकोणीसशे अठ्ठ्याण्णव."

आज आई आली आहे, थोरल्याच्या टॅक्सीतून,
डब्यात बोलानी, स्टॅव्रोससाठी वेगळी, कमी तिखटाची.
हेडफोन रुमालावरून नीट बसेना.
त्याने पिशवी दाबली. कर्र. कर्र. कर्र.
तिने ऐकलं, मान हलवली, काहीतरी पुटपुटली.
होमैराने सांगितलं,
"हा पोटभर जेवलेल्याचा बर्फ झाला, म्हणते."

मग म्हातारी उठली,
त्याच्या हातातून पिशवी काढून घेतली,
कणीक चाचपावी तशी एकदा चाचपली
आणि दाबली. एक पूर्ण.
दुसरं अर्धं, घासत.
एक पूर्ण.
दुसरं अर्धं.

होमैरा खुर्चीवरून खाली उतरली.
आता लंगडत होते
हे तिला कुणी सांगितलंच नव्हतं.

आम्हीही कुणी थांब म्हटलं नाही.
लाल दिवा चालू, आकडे पळताहेत,
मनगटांपर्यंत पांढरी झालेली बाई
ओठांतल्या ओठांत मोजते आहे.
एक्केचाळिसाव्या पावलाला थांबली.
पुढे ऐकू आलं नाही, म्हणाली,
दार उघडं ठेवलं होतं तरी.

हात झटकले. जमिनीवर सांडलेलं पीठ पाहून
केवढी नासाडी, असं काहीतरी म्हणाली असावी,
कारण लगेच वाकून गोळा करायला लागली.
स्टॅव्रोसने मला खुणेनं विचारलं,
नंतर किती वेळ कोरा ठेवायचा?
मी होमैराकडे पाहिलं.
ती आईबरोबर पीठ भरत होती.

ऐकू न येणाऱ्यांसाठी वेगळी पट्टी असते.
तिथे या जागी काय लिहायचं
ते अजून सुचलेलं नाही.
तूर्त माझ्या वहीत, माझ्या अक्षरात, एवढंच :
आता निघाले आहेत.